लिंबापासून विहिरीपर्यंत

५ जानेवारी

शफीक सरांनी सांगितलं म्हणून ही वही. ते म्हणाले, "बॅट्समन रन मोजतो, बोलर विकेट मोजतो, पंचाने आपल्या चुका मोजाव्या. लिही बेटा, पण मला दाखवू नको. दाखवायचं असलं की माणूस खोटं लिहितो." सर तीस वर्षं पंच होते. आता क्रांती चौकाजवळ त्यांचं दुकान आहे, तिथे बॅटची हँडलं बदलून देतात आणि माझ्यासारख्यांना नियम शिकवतात.

तर खरं लिहिते. मी विद्यापीठाकडून तीन वर्षं ऑफ स्पिन टाकली. गुडघा गेला, खेळणं संपलं. बी. ए. झाले, आमच्या घरात एवढं शिकलेली मीच पहिली. मग पंचांची जिल्ह्याची लेखी परीक्षा पास केली. राज्य पॅनेलची प्रात्यक्षिक परीक्षा २ मार्चला पुण्यात आहे. तिला बसायला दहा सामन्यांचे अहवाल लागतात, दोन्ही कप्तानांच्या सह्यांसकट, आणि जिल्हा संघटनेचा ‘तक्रार नाही’ असा दाखला. माझे सात सामने झालेत. राज्यानंतर बोर्ड, बोर्डानंतर आंतरराष्ट्रीय. मी मेलबर्नला बोट वर केलं तर ते आमच्या मुकुंदवाडीत टीव्हीवर दिसेल.

पप्पा शेंद्र्याच्या एका कंपनीत कॅन्टीनला आहेत. ते म्हणाले, "ग्रॅज्युएट केलं, आन पोरगी उन्हात टोपी घालून बोट वर करती." आई म्हणाली, "करू द्या की. बोटच करती, दगड तर मारत नाय."

११ जानेवारी

शिक्का करून आणला. अहवाल मी मराठीतूनच लिहिणार आहे. आपल्याकडे ‘पंच’ हा इतका सरळ शब्द असताना ‘अंपायर’ कशाला? शिक्केवाल्याने विचारलं, "नुसतं ‘पंच’? रिकामं दिसतंय मॅडम. ‘अधिकृत’ टाकू का? वजन येतं." मी परीक्षा पास आहे, म्हणजे अधिकृत आहेच. टाका म्हटलं.

संध्याकाळी शेजारच्या मालनबाई गॅसच्या कागदांच्या झेरॉक्स घेऊन आल्या. "मार गं एक." मी समजावलं की हा शिक्का फक्त खेळापुरता आहे. त्या म्हणाल्या, "शिक्क्याला काय ठावं, खेळ हाय का गॅस?"

मी मारला नाही. त्या आता बोलत नाहीत.

१९ जानेवारी

आज दुकानात करमाडचे रामकिसन काका आले होते. "मातोश्रींच्या नावानं सामने ठेवलेत. लेदर बॉल. चार टीम. पण पंच पक्का पाहिजे, शिक्केवाला." सरांनी माझ्याकडे पाहिलं. काकांनी माझा शिक्का हातात घेतला, खिशातल्या चिठ्ठीवर उमटवून पाहिला आणि ‘अधिकृत पंच’ असं दोनदा मोठ्याने वाचलं. "हीच पाहिजे," म्हणाले.

गावात बाई पंच चालणार नाही असं मी धरून चालले होते. माझाच पूर्वग्रह. ही चूक क्रमांक एक.

दोन उपांत्य आणि एक अंतिम, म्हणजे तीन सामने. सात आणि तीन दहा!

२३ जानेवारी

मैदान आखायला करमाडला गेले. जागा सखाराम काकांची आहे. ते रामकिसन काकांचे धाकटे भाऊ. मका काढून रान मोकळं पडलंय. पूर्वेला लागून रामकिसन काकांचा हरभरा. मधला बांध गेल्या वर्षी रस्त्याच्या कामात जेसीबीने सपाट झाला, असं शाळेचे गुरुजी सांगत होते. गुरुजी माझे दुसरे पंच. त्यांना फक्त ‘वाइड’ माहीत आहे, पण ते मनापासून देतात. दोघे भाऊ वर्षभर बोलत नाहीत म्हणे. तरी जागा एकाची, सामने दुसऱ्याचे. खेळ माणसं जोडतो तो असा.

सखाराम काका आज जालन्याला लग्नाला गेले होते. रामकिसन काका मात्र दिवसभर माझ्यासोबत होते. म्हणाले, "पूर्वेची रेषा लिंबापासून विहिरीच्या कोपऱ्यापर्यंत धरा. पलीकडं माझा हरभरा हाय, पोरं तुडवतील." मी बघितलं तर रेषा आणि हरभरा यांच्यात चांगली पंधरा पावलं मोकळी राहत होती. म्हटलं, काका, रेषा मागे घेतली तरी पिकाला धक्का लागणार नाही. "नको नको. चेंडू लई उड्या मारतो."

चुन्याची फक्की मारली. दोरी लावू म्हटलं तर त्यांनी रेषेवर मोठाले दगड आणवले आणि निम्मे जमिनीत रोवले. "दोरी वाऱ्यानं हलती मॅडम. दगड हलत नाय." सीमारेषेबद्दल इतका गंभीर आयोजक मी विद्यापीठातही पाहिला नव्हता.

वेशीवर फलक लागलाय, ‘मनकर्णाबाई स्मृती चषक’. मी काकांना विचारलं, आजींना जाऊन किती वर्षं झाली? "त्या काय, तिथं बसल्यात." लिंबाखाली प्लास्टिकच्या खुर्चीवर एक म्हाताऱ्या बाई ओला हरभरा सोलत होत्या. कपवाल्याकडे ‘स्मृती’ कोरलेलाच तयार होता, आणि आठवण काय जित्या माणसाचीही येते, असं काकांचं म्हणणं.

२४ जानेवारी

दोन्ही उपांत्य सामने आजच नीट पार पडले. नियम एकोणीस सांगतो की सीमारेषा नाणेफेकीआधी ठरली पाहिजे. म्हणून अंतिम सामन्याच्या अहवालाला जोडायचा नकाशा मी सकाळीच काढला, टेपने मापं घातली आणि लिहिलं: ‘पूर्वेची सीमा लिंबापासून विहिरीच्या कोपऱ्यापर्यंत. पलीकडे श्री. रामकिसन यांचे शेत.’ खाली शिक्का. सगळ्या कप्तानांच्या सह्या घेतल्या. रामकिसन काकांचा मुलगा इंद्रजीत एका संघाचा कप्तान आहे, सखाराम काकांचा सोमनाथ दुसऱ्या. सोमनाथने न वाचता सही केली. रामकिसन काकांनी झेरॉक्स मागितली. "आठवण म्हणून."

२६ जानेवारी

आजचा दिवस मी कधी विसरणार नाही.

सकाळी झेंडावंदन, मग अंतिम सामना. इंद्रजीतचा संघ गोलंदाजी करत होता. शेवटच्या चेंडूवर सोमनाथच्या संघाला चार हवे होते. सोमनाथने पूर्वेकडे फटका मारला. चेंडू दोन दगडांमधून गेला आणि पलीकडच्या मोकळ्या पट्ट्यात थांबला. मी हात हलवून चौकार दिला.

कोणी ओरडलं नाही. मग सखाराम काका धावत मैदानात आले. म्हटलं मुलाला उचलून घेणार. तर ते माझ्यासमोर उभे राहून म्हणाले, "फोर नाय! बॉल आतच हाय! हे सगळं आत हाय, पार हरभऱ्यापर्यंत!"

"आबा, आपण जिंकलो," सोमनाथ म्हणाला.

"गप! जिंकला म्हणं! कुणी सांगितलं व्हतं एवढ्या जोरात मारायला?"

तेवढ्यात दुसऱ्या बाजूने रामकिसन काका. "फोर कसा नाय? शंभर टक्के फोर! लई भारी मारलं पोरानं. घेऊन जा कप!"

"पप्पा," इंद्रजीत म्हणाला, "आपण हरलो की."

"हरलो तर हरलो. रेषा म्हंजे रेषा."

जिंकलेला संघ विजय नाकारतोय, हरलेला संघ हरल्याचा आग्रह धरतोय. मला भरून आलं. इतकी खिलाडूवृत्ती मी पुस्तकातसुद्धा वाचलेली नाही. पण पंचाने भावनेला जागा देऊ नये. मी पुन्हा एकदा चौकार दिला. सखाराम काका मटकन खाली बसले. रामकिसन काकांनी हलगी लावून नाच केला आणि कप स्वतःच्या हाताने भावाच्या ट्रॅक्टरला बांधला.

निघताना मनकर्णाबाईंनी हाक मारली. "कुणाच्या बाजूनं हायेस गं तू?"

"आजी, पंच कुणाच्याच बाजूने नसतो."

"मंग तुला काय ठावं, कुठं काय हाय ते?" आणि ओंजळभर हरभरा दिला. बोलण्याचा अर्थ नीट लागला नाही. वय झालंय.

दहा सामने पूर्ण!

३१ जानेवारी

संघटनेच्या कार्यालयातून बोलावणं आलं. माझ्याविरुद्ध तक्रार आहे. वाचून तीनदा डोळे पुसले, मग उतरवून घेतली:

‘सदर पंच बाईंनी आम्हांस विजयी घोषित करून आमचे अपरिमित नुकसान केले आहे. तरी आम्हांस पराभूत करावे, ही नम्र विनंती. आपला, सखाराम.’

तिथल्या क्लार्कने सांगितलं की फॉर्मवर फक्त ‘पराभूत संघाची तक्रार’ असा रकाना आहे; विजेत्याची कुठे लिहावी त्याला कळत नाही. पण कागद आलाय तो आलाय. तो निघेपर्यंत ‘तक्रार नाही’ म्हणता येणार नाही, आणि दाखल्याशिवाय पुणे नाही.

घरी आले तर करमाडच्या मंडळ अधिकाऱ्यांची नोटीस येऊन पडलेली. ‘पंच या नात्याने’ ६ तारखेला हजर राहावे. महसूल खातं क्रिकेटमध्ये कधीपासून लक्ष घालायला लागलं?

आई नोटीस हातात घेऊन बसून होती. तिला वाचता येत नाही, पण सरकारी शिक्का ओळखता येतो.

२ फेब्रुवारी

सरांकडे गेले. सगळं ऐकून ते आधी हसले. मग हँडलचा दोरा हातातच राहिला.

"बेटा, वो लोगां बॉल नहीं देख रे थे. जमीन देख रे थे." मग मराठीत, सावकाश, शाळेत शिकवतात तसं सांगितलं. सखारामची हद्द हरभऱ्यापर्यंत आहे. पंधरा पावलांचा तो पट्टा रामकिसनला हवा होता. आता त्याच्याकडे नकाशा आहे, मापं आहेत, पंचाचा शिक्का आहे, आणि सखारामच्या मुलाची सही. चौकार घेतला म्हणजे ती रेषा सखारामच्या घरानेही मानली. तोच कागद त्याने मंडळ अधिकाऱ्यांकडे दिला असणार.

"पण तो पंच वेगळा, सर! मी खेळातली."

"तुझ्या शिक्क्यावर लिहिलंय का तसं?"

लिहिलेलं नाही. मालनबाईंना हे माझ्याआधी कळलं होतं.

म्हणजे ती खिलाडूवृत्ती नव्हती. याचंच मला जास्त वाईट वाटतंय.

६ फेब्रुवारी

मंडळ अधिकारी साहेब, त्यांचे लिहिणारे कारकून, दोघे काका. मनकर्णाबाईही आल्या होत्या. त्यांना कोणी बोलावलं नव्हतं, त्या दाराजवळच्या बाकावर बसल्या.

"तुम्ही पंच?"

"हो साहेब."

"कोणत्या गटात?"

"गट नव्हते साहेब. थेट उपांत्य फेरी होती."

साहेबांनी कारकुनाकडे पाहिलं. "जमिनीचा गट नंबर विचारतोय मी. बरं, रेषा तुम्ही आखली?"

"हो."

"सह्या तुमच्यासमोर झाल्या?"

"हो, नाणेफेकीआधी."

"नाणं टाकून हद्द ठरवली?" कारकुनाने तसं लिहूनही टाकलं. ते खोडायला लावण्यात दहा मिनिटं गेली.

मी शेवटी सगळं सांगितलं. रेषा फक्त चेंडूसाठी होती. सामना संपला की ती संपते. पलीकडे कोणाचं शेत आहे ते मी रामकिसन काकांनी सांगितलं तसं लिहिलं. जागा ज्यांची, त्यांना विचारलंच नाही.

साहेब म्हणाले, "म्हणजे कागद खरा की खोटा?"

"चेंडूपुरता खरा."

"असा अर्धा कागद नसतो, बाई. एक तर खरा, नाही तर रद्द. काय लिहू?"

रद्द म्हणजे सामना रद्द. सामना रद्द म्हणजे माझे नऊ. मी बोटांवर मोजलं, जणू मोजून ते दहा होणार होते.

रामकिसन काका जवळ आले. आवाज मऊ होता. "पोरी, तुझं करिअर हाय. एक पट्टा माझ्याकडं आला काय, त्याच्याकडं राहिला काय. तुला मेलबर्नला जायचंय ना?" मेलबर्नचं मी कधीतरी त्यांना सांगितलं होतं, आखणीच्या दिवशी, आनंदाच्या भरात.

मी म्हटलं, "साहेब, रद्द लिहा. मी लेखी देते." दिलंही. त्यात माझी चूक कशी झाली ते लिहिलं आणि शिक्का मारला नाही, नुसती सही केली.

सखाराम काका उडालेच. "म्हंजे आम्ही हरलो?"

"हरला नाहीत. सामनाच झाला नाही."

"त्याहून भारी!" त्यांनी तक्रार तिथल्या तिथे मागे घेतली. तक्रार गेली, दाखला मिळणार, पण दाखल्यासोबत जोडायला दहावा सामना नाही.

१० फेब्रुवारी

आज पप्पांनी विचारलं, "नऊ आन दहात एकाचाच फरक ना? लिहून टाक की एक. कोण बघतंय मुकुंदवाडीत."  थोड्या वेळाने तेच म्हणाले, "नको लिहू. उगं म्हणलो." मग उठून माझे पांढरे बूट पुसून ठेवले. बूट स्वच्छच होते.

१६ फेब्रुवारी

इंद्रजीत आणि सोमनाथ एकाच मोटारसायकलवर दुकानात आले. चुलतभाऊ आहेत, लहानपणी एकाच बॅटने खेळलेले. "मॅडम, आमची फायनल राहिली. पुन्हा घ्या." २३ तारीख ठरली. माझा दहावा!

अडचण एकच. पूर्वेची सीमारेषा कुठे धरायची? लिंबापासून धरली तर सखाराम काका मैदान देणार नाहीत. हरभऱ्यापासून धरली तर रामकिसन काका हरभऱ्यात झोपणार आहेत, असा निरोप आहे. मध्यावर धरली तर दोघेही.

पूर्ण नियमावली दोनदा वाचली. सीमारेषा पंचांनी ठरवायची. पण ‘सीमारेषा नाही’ असं पंचांनी ठरवू नये, असं कुठे सापडलं नाही. दोन्ही कप्तान तयार आहेत. सगळ्या धावा पळून काढायच्या. सर म्हणाले, "तू वेडी आहेस बेटा." पण हे प्रेमाने म्हणाले.

२३ फेब्रुवारी

दगड काढले होते, खड्डे तेवढे होते. दिवसभर हाताने चौकार द्यायचा नाही हे लक्षात ठेवणं फार कठीण गेलं.

नवव्या षटकात सोमनाथने पुन्हा पूर्वेकडे मारला. चेंडू त्याच पट्ट्यात जाऊन थांबला. इंद्रजीत मागे धावला आणि खड्ड्यांपाशी थबकला.

"जाऊ नको!" रामकिसन काका ओरडले. "तू तिथं फिल्डिंग केली की ते मैदान झालं! मैदान त्याचं हाय!"

"ये की रं बाळा!" सखाराम काका दुसऱ्या टोकाकडून. "मैदानच हाय ते! ये, उचल, तुझाच बॉल हाय!"

इंद्रजीत उभाच. सोमनाथ आणि त्याचा जोडीदार पळत होते. सहा झाल्या. अकरा झाल्या. अठराव्या धावेला जोडीदाराने पॅड काढून टाकले. सोमनाथ इंद्रजीतकडे बघून हात जोडत पळत होता. "दादा, उचल ना. मरतो मी."

"मला काय हौस हाय का? तुझ्या बापाला सांग!"

"आधी तुझ्या बापाला सांग!"

गुरुजींनी विचारलं, वाइड देऊ का? मी नको म्हटलं.

सव्विसाव्या धावेला मनकर्णाबाई खुर्चीवरून उठल्या. पदर खोचला, सावकाश चालत खड्ड्यांच्या पलीकडे गेल्या, वाकल्या आणि चेंडू उचलला.  बाहेरच्या माणसाने चेंडू उचलला की तो डेड. मी तसं जाहीर केलं आणि त्यांच्यापाशी गेले.

"आजी, चेंडू द्या."

"देते. तू मागितलास म्हणून देते. ह्यांनी कधी मागितलंच नाय."

दोघे भाऊ जमिनीकडे बघत होते. गुरुजी माझ्या कानाशी म्हणाले, "सातबारा अजून आजीच्याच नावावर आहे. दोघंही विसरले होते वाटतं." सातबाऱ्याचा त्या चेंडूशी काही संबंध नव्हता, म्हणून मी ते अहवालात घेतलं नाही. सव्वीस धावा लिहिल्या. सोमनाथचा संघ बारा धावांनी जिंकला. कप आजी घेऊन गेल्या. दोन्ही कप्तानांनी सह्या केल्या, आणि यावेळी दोघांनीही शेवटच्या ओळीपर्यंत वाचून केल्या.

२ मार्च, पुणे

माझे नऊच सामने धरले. दहावा मोजला नाही. पॅनेल यंदा नाही.

मैदानावरची परीक्षा चांगली झाली. संकेत स्पष्ट, उभं राहणं बरोबर, असं म्हणाले. मग टेबलापाशी बसवून परीक्षक अहवाल चाळायला लागले. वयस्कर गृहस्थ होते, आवाजात राग नव्हता.

"हे काय? एका चेंडूवर सव्वीस?"

"हो सर. पळून."

"चेंडू हरवला होता?"

"नाही सर. सगळ्यांना दिसत होता."

"मग उचलला का नाही कुणी?"

"उचलला असता तर ते मैदान झालं असतं."

त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. संघटनेने पाठवलेल्या फायलीतून दुसरा कागद काढला. माझा २६ जानेवारीचा, मागे घेतलेला अहवाल होता तो. "हा बघा तुमचाच. नकाशा, मापं, सह्या, शिक्का. किती सुंदर! असा अहवाल हवा."

"सर, तो चुकीचा होता."

"आणि हा बरोबर?"

"हो सर."

ते बराच वेळ दोन्ही कागद शेजारी शेजारी ठेवून बघत होते. मग त्यांनी आपलं पेन माझ्यापुढे केलं. "मुली, तुझ्यात गुण आहेत. वर्ष वाया घालवू नको. हे सव्वीस खोड, इथे चार लिही, मी सही करतो. बाकी कोणी विचारणार नाही."

पेन जड होतं, चांगल्यापैकी होतं. मी ते हातात धरलं. खिडकीतून मैदान दिसत होतं, चारी बाजूंनी पांढरी रेषा, कुठे तुटलेली नाही. चार हा आकडा किती लहान असतो ते मी तेव्हा पाहिलं.

"चार लिहायला रेषा लागते, सर," मी म्हटलं. "तिथे रेषा नव्हती."

त्यांनी पेन परत मागितलं. मी दिलं.